क्रमांक दोनशे बारा

पात्रेक्सफ्योर्दुरच्या ग्रंथालयात, तळघरात,
रेडिएटरला पाठ लावून
मी फोनच्या मेनूतले शब्द आमच्या भाषेत आणते.
शब्दामागे नव्वद क्रोना.
‘रद्द करा’, ‘जतन करा’ कॉफीआधीच उरकले.
मग आला क्रमांक दोनशे बारा:
ऑटो-कनेक्ट.
शेजारच्या रकान्यात बारीक टाइपात सूचना,
बटणावर मावला पाहिजे, अकरा अक्षरांच्या वर नको.

आम्ही आइसलँडची माणसं सहसा शब्द उसने घेत नाही.
टेलिफोन आला तेव्हा कुणीतरी
दोऱ्याचा एक जुना, मोडीत निघालेला शब्द
धुऊन पुसून त्याच्या गळ्यात बांधला.
संगणक आला तेव्हा आकड्याची
आणि भाकीत सांगणाऱ्या बाईची सोयरीक लावली.
म्हणून मीही तोऱ्यात लिहिलं: स्याल्फतेंगिंग.
स्वयं-जोडणी.
आमच्या लिपीत अक्षरं मोजली. बारा.

एविंदुर पेपर वाचायला येतो,
म्हणजे ऊब घ्यायला.
खांद्यावरून डोकावला आणि म्हणाला, “स्वयं?
चाळीस वर्षं धक्क्यावर दोर फेकले मी.
आपली आपण बांधली गेलेली होडी
एक दाखव.
कुणीतरी फेकतं, कुणीतरी झेलतं.
झेलणारा पेंगत असला तर दोर पाण्यात.”

मी समजावलं:
यंत्र पहिल्या वेळी परवलीचा शब्द विचारतं,
तुम्ही देता, ते लक्षात ठेवतं.
पुढे त्या टप्प्यात पाऊल टाकलंत
की न विचारता जुळतं.
“म्हणजे पहिल्यांदा विचारलेलं असतं.”
असतं.
“मग स्वयं कसलं डोंबलाचं?”

शब्द अडला की मी त्याचा वापर बघत हिंडते.
बंद पडलेल्या मासळी कारखान्यावरून जाताना
रग्नाचा फोन अजून तिथलं जाळं चाचपतो.
ते जाळं काढून चार वर्षं झाली.
पाद्रीबाईंचा लॅपटॉप चर्चच्या स्पीकरशी इतका सलगीत आहे
की मागच्या दफनविधीत, भर शांततेत,
विणकामाच्या व्हिडिओतली बाई बोलू लागली:
दोन टाके सुलट, एक उलट.
कुणी हसलं नाही.
शवपेटीतली म्हातारी हसली असती.

आणि एविंदुरचं कानातलं यंत्र.
हे त्यानेच सांगितलं, पेपरमागून, तोंड न दाखवता.
एका नाताळात शेजारची बेर्गल्योत वैतागली,
तुझ्या पायी टीव्हीचा आवाज वाढवून वाढवून
माझे कान किटले म्हणाली,
आणि कसलंसं बटण दाबून
टीव्ही त्याच्या कानाला जोडून दिला.
तेव्हापासून भिंतीच्या अलीकडे, आपल्या न्हाणीघरात,
तो दाढीचा साबण फेसाळत असला तरी
कानात हवामान सुरू होतं:
ईशान्येचा वारा, सेकंदाला अठरा मीटर.
“कळतं, उठली.
दार वाजवावं लागत नाही.”

फेब्रुवारीत मुलगा तिला अकुरेयरीला घेऊन गेला.
टीव्ही पण नेला.

क्रमांक दोनशे तेरा होता: विसरा.
“हा कशाला?” एविंदुरने विचारलं.
जुळलेलं काढून टाकायला.
“किती अक्षरं चालतील?”
अकराच. पण आपल्याकडे सहांत भागतं.
“सहांत,” तो म्हणाला,
आणि बराच वेळ पेपरचं पान उलटलं नाही.

संध्याकाळी मला शब्द सापडला,
म्हणजे होताच, रोजच्या तोंडातला.
आमच्या क्रियापदाच्या शेपटीला
दोन अक्षरं चिकटलेली असतात कधीकधी.
एके काळी तो अख्खा शब्द होता, ‘स्वतःला’.
बोलून बोलून झिजला,
आता जिभेच्या टोकावरचा नुसता एक ठोका.
तेंग्यास्त. आठ अक्षरं.
जोडणं नव्हे, जुळणं.
त्यात ‘स्वयं’ आहे,
पण शोधायला गेलं तरच.

एविंदुरला वाचून दाखवला.
त्याने कानातलं यंत्र काढलं, फुंकर मारली,
पुन्हा घातलं.
“बॅटरी फार खातंय हल्ली,” म्हणाला,
“सारखं शोधत असतं ना.”
मग बंद का नाही करत, मी म्हटलं.
त्याने टोपी चढवली.
सहकारी दुकान सहाला बंद होतं,
आणि बॅटऱ्या तिथेच मिळतात.